दुसऱ्याच्या तोंडचे शब्द

दुपारची बोट फुकुराच्या धक्क्याला लागली, तेव्हा तामोत्सु इनाओका नेहमीप्रमाणे डबे घ्यायला उभा होता. नव्या चित्रपटाची रिळं ओसाकाहून पत्र्याच्या गोल डब्यांतून यायची. ती उतरवून घ्यायला मात्सुबा थिएटरचा कुठलाही नोकर चालला असता, पण तामोत्सुला तो सोस होता. ज्यांना आपण आवाज देणार ती माणसं आधी आपल्या हातात यावीत, असं तो म्हणायचा. मार्च महिना होता. किनाऱ्यावर दोरांवर समुद्राचं शेवाळ वाळत घातलं होतं आणि त्याचा खारट वास सगळ्या गावात भरून राहिला होता.

हे त्या दिवसांतलं आहे, जेव्हा पडद्यावरची माणसं अजून मुकी होती. त्यांचे नुसते ओठ हलायचे, आणि पडद्याच्या डाव्या अंगाला छोट्या मेजामागे उभा राहिलेला बेन्शी त्यांच्यासाठी बोलायचा. नायिका तोच, तिची सासू तोच, दारू पिऊन घरी आलेला नवराही तोच. आमच्या फुकुरात चित्रपटात काम कोणाचं आहे हे कोणी विचारत नसे. आज मास्तर बोलणार ना, एवढंच विचारत. मास्तर म्हणजे तामोत्सु.

हा आवाज त्याला घरातून मिळाला होता. त्याचे वडील गिहेइ बाहुल्यांच्या खेळातले कथन करणारे. रंगमंचाच्या कडेला उंच चौथऱ्यावर ताठ बसायचं, शेजारी शामिसेन वाजवणारा, पोटाशी कपड्याच्या आत वाळू आणि चवळ्या भरलेली छोटी पिशवी बांधायची म्हणजे आवाज बेंबीतून निघतो. सुरुवातीला पोथी दोन्ही हातांनी कपाळापर्यंत उचलायची, कारण शब्द पोथीचे, आपले नाहीत. त्यातला एक वाढवायचा नाही, एक गाळायचा नाही. सहाव्या वर्षापासून गिहेइंनी मुलाला हेच शिकवलं. त्यांचं नाव पुढे तोच चालवणार हे घरात धरूनच चाललं होतं.

मग गावात मात्सुबा उघडलं. बाहुल्यांच्या खेळाला लोक येईनासे झाले, आणि बावीस वर्षांचा तामोत्सु एके दिवशी वडिलांच्या चौथऱ्यावरून उतरला तो थेट पडद्याच्या बाजूला जाऊन उभा राहिला.

"आपल्या बाहुल्यांची तोंडं मिटलेली असतात," गिहेइ तेव्हा म्हणाले होते. "त्यांना स्वतःचे शब्द नाहीत, म्हणून त्या आपला आवाज मागतात. तुझ्या पडद्यावरची माणसं बोलतायत, गाढवा! ओठ हलतायत त्यांचे. ती काय बोलतायत ते तुला ठाऊक नाही, आणि तू त्यांच्यावर आपलं दामटतोस."

"लोक रडतात, बाबा."

"कांदा चिरतानाही रडतात."

त्यानंतर अकरा वर्षं बापलेक एकाच घरात राहिले, एकाच मेजावर जेवले, आणि एकमेकांशी बोलले ते तोमेच्या तोंडून. तोमे म्हणजे तामोत्सुची धाकटी बहीण. बाबांना सांग लोणचं संपलंय. दादाला सांग छपराची कौलं बघ. बिचारीचं लग्नाचं वय या निरोपांतच निघून गेलं. गिहेइ मात्सुबाची पायरी कधी चढले नाहीत.

शरद ऋतूत गिहेइंचा घसा धरला. नोव्हेंबर संपता संपता आवाज पूर्ण गेला, नुसते ओठ हलायचे. शरीर निम्मं झालं. जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात एका दुपारी तोमे धावत मात्सुबात आली. खेळ चालू होता. तिने तिकीटवालीच्या हाती चिठ्ठी आत पाठवली: बाबा तुला बोलावतायत, आत्ता ये.

तामोत्सुने मेजावरच्या दिव्यात चिठ्ठी वाचली. तीन रिळं बाकी होती. थिएटर खच्चून भरलेलं होतं, आणि आई मुलाला स्टेशनवर सोडून जाते तो प्रसंग पुढेच होता. त्या प्रसंगात तो स्वतः फार छान बोलायचा. त्याने हाताने खूण केली, संपवून येतो. बाबांनी याआधीही दोनदा असंच बोलावलं होतं आणि दोन्ही वेळा नुसते रागाने बघत राहिले होते, असं त्याने स्वतःला समजावलं. पण खरं कारण तो स्टेशनचा प्रसंग होता. पुढे त्याने हे स्वतःपाशी कबूल केलं आणि त्याचा त्याला जन्मभर पस्तावा झाला.

तो घरी पोचला तेव्हा सगळं आटोपलं होतं. उशाशी वाटीभर पाणी आणि नवा कुंचला. जाणाऱ्याच्या ओठांना मोठ्या मुलाने पाणी लावायचं, ही आमच्याकडची रीत. तोमेने लावलं नव्हतं.

"तुझं काम होतं ते," ती म्हणाली. "मी वाट बघितली. तू येशील म्हणून तेही वाट बघत होते."

गिहेइंचे ओठ कोरडे पडून चिरले होते.

नव्या चित्रपटाचे डबे धक्क्यावर उतरले तो दिवस गिहेइंना जाऊन पस्तिसावा होता. आमच्याकडे एकोणपन्नास दिवस माणूस घराच्या आसपास असतो असं मानतात, पण तामोत्सु असल्या गोष्टी मानणाऱ्यांतला नव्हता. तो हॅट घालायचा, कॉफी प्यायचा. डबे हातगाडीवर घालून तो थिएटरकडे निघाला.

चित्रपट एका छत्रीवाल्याच्या घरातला होता. कागदी छत्र्या करणारा म्हातारा, टोकियोला टाइपिस्ट झालेली त्याची मुलगी. ती केस कापून, टाचेचे बूट घालून घरी येते आणि मी माझ्या पसंतीने लग्न करणार म्हणून सांगते. बाप छत्रीच्या काड्या बांधत राहतो. मागे सरकता दरवाजा उघडा आहे आणि त्यापलीकडे एक रिकामी खोली दिसते आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी तामोत्सुने मशीनच्या चालकाबरोबर सगळी रिळं एकदा पाहून घेतली, कुठे काय बोलायचं ते ठरवलं. त्या खोलीत कोणी नव्हतं हे त्याला पक्कं आठवत होतं.

दुपारच्या खेळाला ती खोली रिकामी नव्हती.

अंधारात, पार मागच्या भिंतीशी, कोणी म्हातारा बसला होता. तामोत्सुला आधी वाटलं, सकाळी आपल्या नजरेतून सुटलं असेल. तो मुलीचं वाक्य बोलत राहिला. मग त्याचं लक्ष म्हाताऱ्याच्या बसण्याकडे गेलं. साधा माणूस घरात असा बसत नाही. पाठ ताठ, गुडघे थोडे फाकवलेले, बुडाखाली लाकडाची छोटी बैठक, आणि पोटाशी कपड्यांच्या आत काहीतरी बांधल्यामुळे आलेला फुगवटा. तामोत्सुची जीभ अडखळली. पडद्याखाली बसून साथ करणाऱ्या व्हायोलिनवाल्याने प्रसंग ओळखून चार सूर जास्तीचे वाजवले, म्हणून निभावलं.

खेळानंतर विचारलं तर चालक म्हणाला, मी मशीन बघतो, खोल्या कोण बघतंय. तामोत्सुने पुढच्या दिवशी सकाळी त्याच्याकडून ते रीळ मागून घेतलं आणि खिडकीच्या उजेडात धरून एकेक चौकट तपासली. छत्रीवाला होता, मुलगी होती, मागे खोली होती. खोलीत काहीच नव्हतं. त्याने फिल्म नाकाशी नेली. तिला फिल्मचाच वास होता.

त्या दुपारी म्हातारा पुढे सरकलेला होता. आता तो खोलीच्या उंबऱ्यापाशी बसला होता, चेहरा दरवाज्याच्या सावलीत, आणि त्याचे ओठ हलत होते. एकदा हलले, थांबले. पुन्हा तसेच हलले. तामोत्सु मुलीचं बोलत होता, छत्रीवाल्याचं बोलत होता, पण नजर त्या ओठांवरून काही केल्या निघेना.

पुढच्या बाकावरून रिकी कोळीण ओरडली. ही समुद्राच्या पलीकडून दोन वर्षांपूर्वी लग्न होऊन आलेली, गिहेइंना कधी न पाहिलेली. तोंडाची फटकळ, पण एकही खेळ न चुकवणारी. "मास्तर! ते मागचे आजोबा काय म्हणतायत ते पण सांगा की! आम्ही पैसे काय त्यांना मुकं बघायला दिलेत?"

लोक हसले. तामोत्सुच्या तोंडून सवयीने शब्द निघून गेले. "आजोबा म्हणतायत, तुमचं भांडण होऊ द्या सावकाश... पण माझा चहा कुठंय?"

थिएटर खो खो हसलं. पडद्यावर म्हाताऱ्याचे ओठ थांबले. त्याने मान खाली घातली आणि प्रसंग संपेपर्यंत ती वर केली नाही.

संध्याकाळी घरी तोमेने चहात शिजवलेली पेज आणि सुकटीची कालवणासारखी भाजी वाढली. दोन घास खाऊन तामोत्सुने भांडं खाली ठेवलं आणि सगळं सांगितलं. ती त्याला वेड्यात काढेल असं त्याला वाटलं होतं. तिने काढलं नाही.

"ओठ कसे हलत होते?" तिने विचारलं. "आधी लांब, मग आखूड आखूड दोनदा? आणि शेवटी जरा उघडेच राहतात?"

"तुला कसं ठाऊक?"

"मी बसले होते ना उशाशी. तीन वेळा तसंच म्हणाले. दाराकडे बघायचे, पुन्हा तेच. मी कान अगदी तोंडाशी नेला दादा, पण आवाजच नव्हता. हात कुंचला धरेना, नाहीतर लिहून तरी दिलं असतं." तिने डोळे पुसले नाहीत, नुसते वाहू दिले. "मला एकच वाटत होतं, तू असतास तर तुला कळलं असतं. ओठ वाचायचं कामच आहे तुझं."

तामोत्सुने भांडं आणखी बाजूला सारलं.

"मला ओठ वाचता येत नाहीत, तोमे. कोणालाच येत नाहीत. कधीच येत नव्हते."

"मग अकरा वर्षं तिथे काय करत होतास?"

"बोलत होतो."

तोमेने भांडी गोळा केली. देव्हाऱ्यातल्या, बाबांच्या नावाच्या नव्या पाटीपुढची उदबत्ती सरत आली होती, तिने दुसरी लावली. मग पाठमोरी असतानाच म्हणाली, "किती दिवस आहे हा खेळ?"

"उद्याचा शेवटचा. परवा सकाळच्या बोटीने रिळं पुढे जाणार."

"उद्या मी येते. तो प्रसंग आला की तू गप्प राहा. वाजवणाऱ्यालाही थांबव. एक अक्षर बोलू नकोस, दादा. जन्मात एकदा त्यांना बोलू दे. माफ केलं म्हणतील, नाहीतर तोंड पाहणार नाही म्हणतील. जे असेल ते असेल. निदान आपल्याला कळेल तरी."

"गप्प राहीन," तामोत्सु म्हणाला. त्याला दुसरं काही नको होतं. बाबा शेवटी काय म्हणाले, एवढंच. त्या तीन रिळांसाठी त्याने जे गमावलं ते परत मिळणार होतं, आणि ते मिळवण्यासाठी त्याला फक्त तोंड मिटून उभं राहायचं होतं.

तिसऱ्या दुपारी थिएटर भरलं. तोमे पहिल्यांदाच मात्सुबात खेळ बघायला आली होती. शोकाचे काळे कपडे घालून ती पुढच्या रांगेत रिकीच्या शेजारी बसली. दरवाजे बंद झाले, पडदे ओढले, आणि ओल्या कोटांचा, संत्र्यांच्या सालींचा, भाजलेल्या माकुलांचा नेहमीचा वास अंधारात दाटला. तामोत्सुने व्हायोलिनवाल्याला आधीच सांगून ठेवलं होतं.

टाचेच्या बुटांतली मुलगी घरी आली. तिने सांगायचं ते सांगितलं, म्हणजे तामोत्सुने सांगितलं. छत्रीवाल्याचे हात काड्यांवर थांबले. तामोत्सुने मेजावरचा दिवा झाकला आणि ओठ मिटले. व्हायोलिन थांबलं.

आता फक्त मशीनची घरघर उरली होती.

म्हातारा मागच्या खोलीत नव्हता, उंबऱ्यातही नव्हता. तो पुढच्या खोलीत आला होता. छत्रीवाल्याच्या आणि मुलीच्या मधून तो पुढे आला, ती दोघं कडेला सरली, आणि सगळा पडदा एका चेहऱ्याने भरून गेला. गालांची हाडं वर आलेली. चिरलेले ओठ. गिहेइ समोर बघत होते. लोकांकडे नाही, डावीकडे, मेजामागे उभ्या असलेल्या माणसाकडे.

पुढच्या बाकांवर गावातले दोन-तीन जुने म्हातारे होते. त्यांनी हळूच टोप्या काढून मांडीवर ठेवल्या.

ओठ हलले. आधी लांब. मग आखूड, आखूड. आणि उघडेच राहिले... तामोत्सु मेजावर ओणवा झाला. काही कळेना. ओठ पुन्हा हलले. मागून कोणीतरी खोकलं. कोणीतरी दबक्या आवाजात म्हणालं, "मास्तरांना काय झालं?" मालक मागच्या दारातून कुजबुजला, "इनाओका... अहो इनाओका..."

आणि मग तो श्वास ऐकू आला.

तामोत्सु तो श्वास ओळखत होता. लहानपणी सोळा वर्षं तो त्याच्या शेजारी बसला होता. वाक्य सुरू करण्याआधी कथन करणारा पोटाच्या तळापासून हवा भरून घेतो, लांब, संथ, कपड्यांच्या शिवणी ताणल्याचा आवाज येईपर्यंत. तसा श्वास पडद्याकडून आला. पडद्यावर गिहेइंची छाती वर चढली. आता ओठ नुसते हलणार नव्हते. आता बाबा बोलणार होते.

लोक पुढे म्हणाले, मास्तरांना शांतता सोसली नाही, धंद्याची खोड. तसं नव्हतं. तामोत्सु शांततेला भ्यायला नाही. तो उत्तराला भ्यायला. जवळजवळ चाळीस दिवस ज्याची आस धरली होती ते अगदी दाराशी आलं, आणि त्याच्या मनात एकच आलं: माफ केलं नाही म्हणाले तर? ते एकदा ऐकल्यावर पुढे जगायचं कसं?

त्याने तोंड उघडलं. बाबांचा आवाज त्याला काढता येत होता, त्याचा आवाज त्यांनीच घडवला होता.

"पोरा..." तो त्यांच्या आवाजात म्हणाला. "झालं गेलं. माझा तुझ्यावर राग नाही. तू आपल्या वाटेने गेलास... चांगलं केलंस. आता स्वतःला दोष देऊ नकोस."

सुंदर बोलला तो. भरल्या गळ्याने, पण एकही शब्द न तुटता. थिएटरात हुंदके ऐकू येऊ लागले. आपलेच शब्द ऐकून त्याचेही डोळे भरून आले आणि क्षणभर, फक्त क्षणभर, त्याला ते खरे वाटले.

पडद्यावर गिहेइंचे ओठ मिटले. त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता. बोलायला निघालेल्या माणसाला मध्येच कोणी थांबवलं की तो जसा बघतो, तसे ते बघत होते. मग त्यांनी पाठ फिरवली. ते छत्र्यांमधून चालत मागच्या खोलीत गेले, तिथून आणखी मागे गेले, आणि मुलगी पुन्हा पडद्याच्या मधोमध उभी राहिली. तिचे ओठ हलत होते. तिच्यासाठी कोणीच बोललं नाही.

खेळ सुटल्यावर रिकी दारात त्याच्यासाठी थांबली होती. नाक रडून लाल झालेलं. "मास्तर, आज मात्र कमाल केलीत. दोन दोन आवाज एकाच वेळी! कसं जमलं हो?"

"दोन?"

"वरचा एक, आणि त्याच्या खालून दुसरा. खालचा जरा जाडसर होता. मला तर रडू त्या खालच्यानेच आलं."

"खालचा... काय म्हणत होता?"

"आता तुम्हीच म्हणालात आणि मलाच विचारता!" रिकी हसली. "वरच्या आवाजात नीट लागलं कुठे ते. चला, माझी टोपली राहिलीय कोपऱ्यावर."

तोमे त्याच्यासाठी थांबली नव्हती. तो घरी आला तेव्हा ती स्वयंपाकघरात जमिनीवर बसली होती, चूल न पेटवता.

"त्यांचा आवाज आला होता, दादा," ती म्हणाली. "घसा जायच्या आधीचा. अगदी तोच."

"काय म्हणाले, तोमे?"

"तुझा आवाज मोठा होता."

तो तिच्यापुढे गुडघ्यांवर बसला. "एखादा शब्द? एखादा तरी..."

"शब्द नाही. चाल कळली. शेवट वर चढला." तिने बोटाने हवेत दाखवलं, अगदी बाबा दाखवायचे तसं. "माफ करत नव्हते, शापही देत नव्हते. ते काहीतरी विचारत होते तुला. तीन वेळा त्या दिवशी विचारलं, आणि आज पुन्हा. आणि तू काय उत्तर दिलंस? माझा तुझ्यावर राग नाही."

तिने त्यानंतर त्या विषयावर तोंड उघडलं नाही. तामोत्सुला तिने रागाने चार शब्द सुनावले असते तर बरं वाटलं असतं.

एकोणपन्नासावा दिवस उलटला. तामोत्सुने मात्सुबातलं बोलणं सोडून दिलं. मालकाने फार आग्रह केला नाही, कारण बोलक्या चित्रपटांचं मशीन त्याने आधीच मागवलं होतं. तोमेबरोबर तामोत्सुही शेवाळ वाळवण्याच्या शेडमध्ये कामाला लागला. गावाने एक पाहिलं, मास्तर आता कोणी काही विचारलं तर लगेच बोलत नाहीत. समोरच्याचं बोलणं संपल्यावरही थांबून राहतात, अजून काही येतंय का बघत. दुपारी तो देव्हाऱ्यापुढे तास तास बसायचा, श्वाससुद्धा हळू घेत. तिथे कधी काही ऐकू आलं नाही. कसला प्रश्न असेल? जेवलास का, इतका साधाही असू शकतो. मी तुला काय कमी केलं, असाही असू शकतो. त्याने शंभर प्रश्न मनात मांडून पाहिले, आणि प्रत्येक वेळी त्याच्या लक्षात यायचं की हेही आपणच त्यांच्या तोंडी घालतो आहोत.

ऑक्टोबरात मात्सुबात पहिला बोलका चित्रपट लागला. मालकाने जुन्या ओळखीने पास पाठवला. तोमे नको म्हणाली, तामोत्सु एकटाच गेला. मागच्या रांगेत, भिंतीकडेच्या जागेवर बसला. पडद्याशेजारचं मेज काढून तिथे कर्णे लावले होते. पडद्यावरची माणसं स्वतःच्या तोंडाने बोलत होती, जरा कर्कश, पण स्वतःच्या. आता कोणी त्यांच्यावर दामटणार नव्हतं. बाबांना हे आवडलं असतं, असं त्याच्या मनात आलं आणि त्याला भरून आलं.

मध्यावर एक प्रसंग होता. एक बाई खिडकीशी उभी आहे, बाहेर बघते आहे, बोलत नाही. कर्णेही गप्प झाले. सगळं थिएटर निःशब्द झालं.

त्या शांततेत तामोत्सुच्या डाव्या कानाशी कोणीतरी श्वास भरून घेतला. लांब, संथ, पोटाच्या तळापासून.

त्याने दोन्ही हातांनी स्वतःचं तोंड दाबून धरलं. मान वळवली नाही. डोळे मिटले. बोला बाबा, तो मनात म्हणाला, मी ऐकतोय, या वेळी मी मध्ये बोलणार नाही. श्वास पूर्ण भरला. शिवणी ताणल्याचा बारीक आवाज आला...

आणि पडद्यावरची बाई बोलू लागली. दोन्ही कर्णे खणखणीत वाजले.

"गप्प बस!" तामोत्सु उठून उभा राहिला. "गप्प! जरा गप्प बसा सगळे! एक क्षण... एकच क्षण!"

थिएटरभर हशा उसळला. "मास्तर, आता पडदा तुमचं ऐकत नसतो!" कोणीतरी ओरडलं. "पोटावर पाय आला म्हणून त्या बाईला कशाला रागावता?" दारवानाने येऊन त्याला दंडाला धरून बाहेर नेलं. बाई पडद्यावर बोलतच होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी रिकी मासे घेऊन दारी आली. तामोत्सुच बाहेर आला. तिने टोपली उतरवली आणि पदराशी चाळा करावा तशी ती अॅप्रनच्या नाड्यांशी चाळा करू लागली.

"काल मी पण हसले, मास्तर. माफ करा. तुमच्या पुढच्याच रांगेत होते." तिने तीन बांगडे काढून ताटलीत ठेवले. "पण राग नसेल तर एक बोलते. चूक तुमचीही होती. तुमच्या शेजारचे ते गृहस्थ खेळ सुरू झाल्यापासून तुम्हाला एकच गोष्ट विचारत होते. किती हळू, किती आर्जवाने. माणसाला ठाऊक नसेल तर ठाऊक नाही म्हणावं. पण उत्तर तर द्यावं!"

"रिकी," तामोत्सु म्हणाला. "ते काय विचारत होते? नीट आठवून सांग."

तिने तोंड उघडलं, मग थांबली. तिची नजर त्याच्या खांद्यावरून घराच्या आत गेली आणि ती ओशाळून गडबडीने टोपली उचलू लागली.

"अगबाई, पाहुणे इथेच उतरलेत होय? बघा, आत्ताही तेच विचारतायत. मी निघते. घरातलं बोलणं बाहेरच्यांनी कशाला ऐकायचं."

ती गेली. तोमे शेवाळाच्या शेडवर गेलेली होती. तामोत्सु ताटली हातात घेऊन दारात उभा राहिला आणि घराकडे वळला. त्याने कान दिला. आत काहीच ऐकू येत नव्हतं.